खारीची वाटी सरकते तेव्हा

आमची कुत्री खारी चालता चालता मध्येच मागचा डावा पाय उचलायची. तीन-चार पावलं तीन पायांवर टुणटुण करत जायची, मग तो पाय मागे लांब ताणून एकदा झटकायची आणि पुन्हा चारी पायांवर, जसं काही झालंच नाही. नातू टाळ्या पिटून म्हणाला, "आजोबा, ही लंगडी खेळतेय!" आम्हीही हसलो. दीड वर्षाची होती तेव्हा. ते हसण्यात चार महिने गेले, आणि खरं तर तिच्या गुडघ्याची वाटी सरकत होती, म्हणून हे लिहायला बसलो.

मी बेस्टमध्ये एकोणतीस वर्षं कंडक्टर होतो. डॉक्टर नाही. पण मोजून लिहून ठेवायची सवय हाडात मुरलेली आहे, आणि या दुखण्यात तीच सवय सगळ्यात जास्त कामी आली. लालबागला आमच्या चाळीच्या जागी टॉवर झाला तेव्हा सुनेच्या हट्टापायी खारी घरी आली. आपल्याकडे सगळे म्हणतात तशी 'पॉमेरियन'. नाव पडलं ते तिच्या रंगावरून, आणि पहिल्याच दिवशी माझ्या बशीतली खारी पळवली म्हणून.

आधी गुडघा कुठे असतो ते बघू, कारण इथेच बहुतेकांची चूक होते. कुत्र्याच्या मागच्या पायाला मागच्या बाजूला जो टोकदार कोपरा दिसतो, तो गुडघा नव्हे. तो घोटा. खरा गुडघा वर असतो, पोटाच्या कडेला, केसांत लपलेला. कुत्रं उभं असताना मांडीच्या पुढच्या बाजूने अंगठा हळूहळू खाली आणला की एक लहानसा घट्ट खडा लागतो. आमच्या खारीचा मोठ्या वाटाण्याएवढा आहे. ती गुडघ्याची वाटी. मांडीचे मोठे स्नायू वरून या वाटीला धरतात, आणि खाली एक जाड बंध तिला नडगीच्या वरच्या उंचवट्याशी जोडतो. पाय दुमडला-सरळ केला की वाटी मांडीच्या हाडातल्या खाचेतून वरखाली सरकते.

जुन्या बसच्या सरकत्या खिडक्या ज्यांना आठवतात त्यांना लगेच कळेल. काच खाचेत असेपर्यंत बोटानेही सरकते. खाच उथळ असली किंवा चौकट तिरकी असली की काच बाहेर येते आणि अडकते. मग कितीही ढकला. खारीच्या गुडघ्याचं तेच. खाच उथळ, आणि नडगीवरचा तो उंचवटा जरासा आतल्या अंगाला, त्यामुळे वाटी ओढली जाते आत. लहान जातींच्या कुत्र्यांत ती बहुतेक आतल्या बाजूला सरकते. पॉमेरियन, चिवावा, यॉर्कशायर टेरियर, टॉय पूडल ही त्यातली नेहमीची नावं. मोठ्या जातींत बाहेरच्या बाजूलाही सरकते. मार लागून असं होऊ शकतं, पण बऱ्याचदा ही जन्मापासूनची ठेवण असते आणि वाढत्या वयात दिसायला लागते. डॉक्टरी भाषेत हे 'पटेलर लक्सेशन'. पुष्कळदा दोन्ही पायांत असतं, त्यामुळे एक पाय दाखवायला नेलात तरी दुसरा तपासायला सांगा.

ओळखायचं कसं? सगळ्यात फसवी गोष्ट म्हणजे कुत्रं ओरडत नाही. खारी त्या चार महिन्यांत एकदाही केकाटली नाही, म्हणून आम्हाला वाटलं दुखत नसणार. वाटी खाचेबाहेर जाते तेव्हा पाय दुमडलेला अडकतो, म्हणून तो उचललेला राहतो. तिने पाय मागे ताणला की मांडीचा स्नायू सैल पडतो आणि वाटी टक्कन जागेवर येते. ते मागे झटकणं म्हणजे तिचा स्वतःचा इलाज आहे, खोड नव्हे. याशिवाय आम्ही जे पाहिलं ते असं: सोफ्यावर उडी मारायच्या आधी दोनदा विचार करायला लागली, बसली की एक पाय बाजूला टाकून बसायची, मागून बघितलं तर दोन्ही गुडघे बाहेर आणि पावलं आत, धनुष्यासारखी. काही कुत्री पाय उचलतच नाहीत, नुसती मागचं अंग खाली धरून ससा चालावा तशी चालतात. दोन्ही गुडघे सारखेच बिघडलेले असले की असं होतं, आणि तेच नजरेतून सुटतं, कारण लंगडताना दिसत नाही.

पण प्रत्येक उचललेला पाय म्हणजे वाटी नव्हे. आधी पंजा बघा. बोटांच्या मध्ये खडा, काचेचा तुकडा, चिकटलेलं डांबर, मुळाशी तुटलेलं नख. मुंबईत पावसाळ्यात गोचिडी फार. त्यांच्यामुळे जो ताप येतो, ज्याला सगळे टिक फीव्हर म्हणतात, त्यातही सांधे दुखतात आणि कुत्रं आज एक पाय, उद्या दुसरा असं लंगडतं. अंग गरम, खाणं बंद, हिरड्या पांढुरक्या असं असेल तर गुडघ्याच्या मागे न लागता आधी रक्त तपासा. कुत्रं पाय टेकवतच नसेल, गुडघा सुजला असेल, हात लावला की चावायला येत असेल किंवा मागचे पाय फरफटत असेल, तर उद्यावर ढकलू नका. फरफटणं हे पाठीच्या कण्याचंही असू शकतं.

आता माझी तक्रार. आमच्या भागातल्या एका डॉक्टरांकडे खारीला नेलं. त्यांनी टेबलावर ठेवलं, वरवर बघितलं, "कॅल्शियम कमी आहे" म्हणाले आणि सिरपची बाटली दिली. गुडघ्याला हात लावला नाही. तीन महिने मी रोज चमचा धरून तिच्या मागे धावलो. उथळ खाच कॅल्शियमने खोल होत नाही, हे मला नंतर कळलं. वाढत्या पिल्लाला, त्यातही मोठ्या जातीच्या, उगाच जास्तीचं कॅल्शियम दिलं तर हाडांची वाढ उलट बिघडू शकते हेही तेव्हाच कळलं. म्हणून सांगतो: लंगडणाऱ्या कुत्र्याच्या पायाला डॉक्टरांनी हात लावला नाही तर बाटली घेऊन घरी येऊ नका, दुसरीकडे जा. मुंबईत त्या बाबतीत आपलं बरं आहे. परळला १८८६पासूनचं व्हेटर्नरी कॉलेज आहे, तिथेच बाई साकरबाईंच्या नावाचं जुनं हॉस्पिटल आहे, महालक्ष्मीला टाटांचं प्राण्यांचं हॉस्पिटल २०२४मध्ये सुरू झालं, आणि उपनगरांत हाडांची शस्त्रक्रिया करणारे खाजगी सर्जनही बसतात.

जाताना मोबाइलवर व्हिडिओ घेऊन जा. हे विसरू नका. दवाखान्यात गेलं की कुत्रं घाबरून एकदम शहाण्यासारखं चालतं, आणि तुम्ही खोटे पडता. व्हिडिओ मागून घ्या, बाजूने घ्या, मोबाइल जमिनीजवळ धरून घ्या. वरून काढलेल्या व्हिडिओत नुसती पाठ दिसते. आमच्या सुनेने जिन्यापाशी बसून वीस सेकंदांचा काढला होता. दुसऱ्या डॉक्टरीण बाईंनी तो दोनदा बघितला, मग खारीला कुशीवर झोपवलं, एका हाताने पाय सरळ केला, दुसऱ्या हाताचा अंगठा गुडघ्यावर ठेवून नडगी किंचित आत फिरवली. "काका, इथे बोट ठेवा," म्हणाल्या. मी ठेवलं. माझ्या बोटाखालून तो वाटाणा निसटला. आवाज असा नाही, पण तिकिटाला चिमटा मारताना हाताला जो टक् लागतो ना, तसा. पुन्हा पाय सरळ केला, पुन्हा टक्, वाटाणा जागेवर. खारी माझ्याकडे बघून जांभई देत होती.

हे प्रात्यक्षिक घरी करायचं नाही. मी मोहाने एकदा केलं आणि त्यांच्याकडून बोलणी खाल्ली. वाटी सारखी आतबाहेर केली की हाडावरची गुळगुळीत कूर्चा घासते, आणि पुढे संधिवात तिथूनच सुरू होतो. पाय अडकून कुत्रं घाबरलं तर त्याला शांत धरा, मांडीवर हलका हात फिरवा, स्वतःला पाय ताणू द्या. हाताने वाटी बसवायची झाली तर आधी डॉक्टरांकडून समोरासमोर शिकून घ्या.

तपासून झालं की डॉक्टर ग्रेड सांगतात, एक ते चार. पहिल्या ग्रेडमध्ये वाटी बोटाने ढकलली तरच जाते आणि सोडली की आपोआप परत येते. दुसऱ्यात ती स्वतःहून अधूनमधून जाते. पाय ताणला किंवा हाताने बसवली की परत येते. तिसऱ्यात बहुतेक वेळ खाचेबाहेरच असते, बसवली तरी टिकत नाही. चौथ्यात कायमची बाहेर, हाताने बसतही नाही. ग्रेड कागदावर लिहून मागा, कुठल्या पायाची कुठली ते स्पष्ट. एक्स-रे हाडं किती तिरकी आहेत आणि संधिवात सुरू झालाय का ते बघायला काढतात. पण वाटी एक्स-रेच्या क्षणी जागेवर असली तर फोटो साफ दिसू शकतो. खरी परीक्षा बोटाची. खारीचा डावा दोन, उजवा एक निघाला.

पहिली ग्रेड असेल तर ऑपरेशनची घाई नाही, घर सुधारायचं. दुसरीत कुत्रं किती वेळा आणि किती वेळ लंगडतं यावर ठरतं. तिसरी-चौथी असेल तर सर्जनला भेटायलाच हवं, आणि कुत्रं अजून वाढत असेल तर लवकर, कारण वाटी बाहेर राहिली की हाडं तशीच वाकडी वाढत जातात.

घर सुधारायचं म्हणजे आमच्याकडे पहिल्यांदा फरशी. चाळीत शहाबादी होती, खरबरीत, पाय घट्ट बसायचे. टॉवरमध्ये बिल्डरने दिल्या त्या आरशासारख्या टाइल्स. आमच्या सौ.ना त्यांचा केवढा अभिमान! पाहुणे आले की आधी फरशी दाखवायच्या. त्याच फरशीवर बेल वाजली की खारी जागच्या जागी गर्रकन वळायची आणि मागचे पाय दोन्हीकडे फाकायचे. त्या वळण्यातच वाटी जायची. मी मोजलं तर दिवसातले निम्म्याहून जास्त प्रकार दाराच्या तीन फुटांत. मग आम्ही आख्खं घर झाकलं नाही, फक्त तिची रस्त्यांची आखणी केली: अंथरूण ते पाण्याचं भांडं, भांडं ते दार, दारापाशी वळायला मोठा चौकोन. खाली रबर असलेल्या पट्ट्या आणि लेकीच्या दोन जुन्या योगा मॅट कापून टाकल्या. सतरंजी, चादर, बारीक पायपुसणं नको, ते कुत्र्यासकट घसरतं. सौ. आठवडाभर बोलल्या नाहीत. आता पाहुण्यांना मॅटही दाखवतात.

पंजाखालच्या गाद्यांमध्ये जे केस वाढतात ते दर पंधरवड्याला कापा. पॉमेरियनला तर तिथे मोजेच घातल्यासारखे होतात आणि पकड जाते. नखं फरशीवर टिकटिक वाजली म्हणजे लांब झाली. सोफ्याला दोन पायऱ्या करा. आमच्या पायऱ्या म्हणजे चार पाट, एकावर एक, घट्ट बांधून वर मॅट. विकतचा रॅम्प महाग वाटला. वर चढणं एक वेळ चालेल, पण वरून खाली उडी नको. दोन पायांवर उभं राहून नाचणं, मागणं बंद. घरातल्या मुलांना हे पटवणं कुत्र्याला पटवण्यापेक्षा कठीण.

दुसरी गोष्ट वजन, आणि इथे गुन्हेगार मी. सकाळच्या चहाबरोबर खारीला खारी, चार वाजता ग्लुकोज बिस्किट, रात्री पोळीचा तुकडा. चार किलोच्या कुत्र्याचं एक किलो वाढलं म्हणजे साठ किलोच्या माणसाच्या अंगावर पंधरा किलो. हिशेब असा मांडला तेव्हा मलाच लाज वाटली. वजन घरी असं करा: आधी आपण काट्यावर, मग कुत्रं कडेवर घेऊन, आणि वजाबाकी. शिवाय हाताने बघा. तुमच्या उघड्या हाताची पाठ चाचपा. बरगड्या तशा लागल्या तर ठीक. तळहातासारख्या मऊ लागल्या तर चरबी आहे. मूठ आवळल्यावरच्या हाडांसारख्या टोचल्या तर कुत्रं फार वाळलंय. खारी ५.८ किलोवरून पाच महिन्यांत ४.६वर आली. बिस्किटांच्या जागी उकडलेल्या दुधीच्या आणि गाजराच्या फोडी, आणि तेही तिच्या रोजच्या वाटणीतून कापून. पहिले आठ दिवस तिने माझ्याकडे ज्या नजरेने बघितलं ती नजर मी सुट्ट्या पैशांवरून भांडणाऱ्या प्रवाशांतही पाहिली नाही.

फिरवणं थांबवायचं नाही. मांडीचे स्नायू भरदार असतील तर वाटीला आधार राहतो. एक मोठी फेरी मारून दमवण्यापेक्षा पंधरा-पंधरा मिनिटांच्या दोन-तीन, पट्ट्याने, एका चालीत. उन्हाळ्यात डांबर तापायच्या आत. पावसाळ्यात आम्ही मजल्याच्या पॅसेजमध्ये फेऱ्या मारतो. चेंडू फेकणं, एकदम थांबणं-वळणं, चौपाटीच्या भुसभुशीत वाळूत पळवणं टाळा. जिना शक्यतो उचलून. उचलताना एक हात छातीखाली, दुसरा ढुंगणाखाली. पुढचे पाय धरून लोंबकळत नको. डबल डेकरच्या जिन्याने माझे गुडघे खाल्ले, तिचे तरी वाचवावेत.

औषधांचं एकच. आपल्या घरातली दुखण्याची गोळी कुत्र्याला देऊ नका, अर्धीही नाही, पावही नाही. आयबुप्रोफेन, डायक्लोफेनॅक याने कुत्र्याच्या पोटात व्रण होतात, मूत्रपिंड जातं. त्या डायक्लोफेनॅकने तर औषध दिलेल्या गुरांचं मांस खाऊन आपल्याकडची गिधाडं संपत आली आणि २००६मध्ये जनावरांसाठी त्यावर बंदी आणावी लागली. कुत्र्यांसाठी वेगळी औषधं असतात, ती डॉक्टर वजनावर ठरवतात. बाम चोळायचा तर अजिबात नाही. ती चाटणार आणि ते पोटात जाणार. ग्लुकोसामाइन, माशाचं तेल डॉक्टर म्हणत असतील तर द्या, सांध्याला थोडा आराम पडतो म्हणतात, पण त्याने वाटी जागेवर येत नाही. शेजारच्या वहिनींनी हळद-दूध सुचवलं. ते मी प्यायलो.

त्याच वहिनींच्या भावाकडे पॉमेरियन नर आहे. "खारीची सोयरीक करू, पिल्लं वाटून घेऊ," असं चाललं होतं. मी साफ नाही म्हटलं. ही ठेवण आईबापाकडून पिल्लांत उतरते. ज्या कुत्र्याची वाटी सरकते त्याची पैदास करू नये, मग ते दिसायला कितीही गोंडस असो. आणि पिल्लू आणायला जाल तेव्हा आईला चालवून बघा, दोन मिनिटांचं काम आहे.

आता माझं वेबिल, म्हणजे कंडक्टर हिशेब लिहितो तो कागद. घरात एक शंभर पानी वही ठेवली. तारीख, कुठला पाय, किती वेळा उचलला, किती पावलं, काय करताना. पहिल्या वर्षी घर आणि वजन सुधारल्यावर डाव्याचा आकडा दिवसाला नऊवरून दोन-तीनवर आला. मग पुढच्या दिवाळीनंतर तो चढायला लागला: पाच, आठ, अकरा. पावलांचा रकाना तीन-चारवरून वीस-पंचवीसवर. वजन तेच, मॅट त्याच. नेऊन दाखवलं तर डावा तिसऱ्या ग्रेडवर गेलेला. नुसतं 'हल्ली जास्त लंगडते' म्हणून गेलो असतो तर आणखी महिनाभर गोळ्यांवर काढला असता. वही बघून सर्जन म्हणाले, आता थांबू नका. आणखी एक लक्षात ठेवा: वयस्क कुत्रं वर्षानुवर्षं थोडं थोडं लंगडत असेल आणि एका दिवसात अचानक पाय टेकवायचं बंद झालं, तर गुडघ्यातला आतला बंध तुटला असण्याची शंका घ्या. सरकत्या वाटीच्या गुडघ्यात तो तुटायची भीती जास्त.

ऑपरेशनमध्ये मांडीच्या हाडातली खाच खोल करतात, नडगीचा तो उंचवटा कापून जरा बाहेर सरकवून पिनांनी बसवतात, आतल्या बाजूचा ताण सैल करून बाहेरची बाजू आवळतात. सगळं प्रत्येकाला लागतंच असं नाही. सर्जनला विचारा: यातलं काय करणार, का करणार? हाडं तिरकी असताना नुसतं मांस आवळून घेतलं तर वाटी पुन्हा सरकायची शक्यता राहते. असली ऑपरेशनं महिन्याला किती करता हेही विचारा, लाजू नका. आणि खर्चाचा आकडा मागताना भूल, रक्ताच्या तपासण्या, एक्स-रे, पिना, नंतरच्या भेटी सगळं धरून मागा, नाहीतर तिकीट एका स्टॉपचं आणि उतरायचं तीन स्टॉप पुढे.

खरं काम त्यानंतर. सहा ते आठ आठवडे हाड जुळायला लागतात, आणि कुत्र्याला मात्र दहाव्या दिवशीच वाटतं आपण बरे झालो. नातवाचा जुना जाळीचा प्लेपेन खारीची खोली झाला. गळ्यात ती प्लास्टिकची कॉलर, टाके चाटू नयेत म्हणून. पहिले दोन-तीन दिवस बर्फ फडक्यात गुंडाळून दहा-दहा मिनिटं गुडघ्यावर. शी-शूला फक्त पट्ट्याने, पोटाखालून टॉवेलची झोळी धरून. लिफ्टमध्ये उचलून, कारण दारातल्या फटीवरून ती उडी मारते. पायाचे व्यायाम डॉक्टरांनी दाखवले तेवढेच आणि त्यांनी सांगितल्या दिवसापासूनच. जखमेतून पाणी आलं, सूज वाढली, टेकवत होती तो पाय पुन्हा उचलला, कातडीखाली पिन टोचल्यासारखी लागली, तर लगेच फोन. आमचा एकदा मध्यरात्री झाला, पिनेवरची कातडी लाल दिसली म्हणून. निघालं काही नाही, तरी डॉक्टर चिडले नाहीत. सहाव्या आठवड्याच्या एक्स-रेनंतर पट्ट्याने पाच मिनिटं चालायची परवानगी मिळाली, मग दर आठवड्याला थोडी थोडी वाढ.

खारी आता पाच वर्षांची आहे. उजवा पाय अजून पहिल्याच ग्रेडवर आहे, त्याला हात लावलेला नाही. काल रात्री वही उघडली. डावा, शून्य. उजवा, एक, चार पावलं. कारणाच्या रकान्यात सौ.च्या अक्षरात लिहिलंय: 'कुरिअरवाला. मॅट धुवायला काढली होती.'